माहूरच्या वाटेवर

माहूरची रेणुका ही आमची कुलस्वामिनी. घरांत मंगलकार्य झालें कीं तिच्या दर्शनास जावयाचें व परत आल्यावर गोंधळ घालावयाचा, हा आमच्या घराचा पिढ्यान्‌पिढ्यांचा परिपाठ. गेल्या वैशाखांत धाकट्या पुतण्याची मुंज झाली आणि मार्गशीर्षांत आमच्या आत्याबाईंना घेऊन मीं लातुराहून माहूरचा रस्ता धरिला. आत्याबाई पंचाऐंशीच्या घरांत आहेत. तथापि प्रवासाचें नांव निघालें कीं फराळाचा डबा प्रथम त्यांचाच भरून तयार असतो.

निघण्यापूर्वीं घरांत एक लहानसा प्रसंग घडला. तो येथेंच सांगून ठेवितों. कारण सबंध प्रवासभर तो माझ्या मनांत घोळत होता. पूजेचें जुनें साहित्य काढावें म्हणून माळ्यावरची पेटी खालीं उतरविली, तेव्हां तळाशीं आजोबांच्या हातचीं मोडी कागदांचीं दोन दप्तरें निघालीं. हिशेब असतील, शेताचीं कागदपत्रें असतील, कोणाचीं पत्रें असतील. घरांत लहानथोर मिळून अठरा माणसें, त्यांत चौघे पदवीधर. परंतु कोणालाहि एक ओळ लागेना. एका पुतण्यानें तर, "हें रद्दींत द्यावयाचें का?" म्हणून विचारलें. "परत आल्यावर पाहूं," असें म्हणून मीं पेटीला कडी घातली. आत्याबाई शेजारींच वाती वळीत बसल्या होत्या. त्यांनीं एकवार मान वर करून पाहिलें. पण त्या कांहीं बोलल्या नाहींत.

लातुराचें नांव घेतलें कीं आज लोकांना डाळींचा बाजार आणि विद्यार्थ्यांच्या शिकवण्या आठवतात. परंतु राष्ट्रकूट घराण्यांतील राजे 'लट्टलूरपुरवराधीश्वर' अशी बिरुदावली मिरवीत असत, आणि तें लट्टलूर म्हणजे हेंच लातूर, असें विद्वानांनीं ठरविलें आहे. गांवांतील पापविनाशक मंदिरांत चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या काळचा, म्हणजे बाराव्या शतकांतला, एक शिलालेख मिळाला. या नगरींत त्या काळीं पांचशें विद्वान राहत होते, असें त्यांत म्हटलें आहे. आमचें बालपण याच गांवांत गेलें, आणि त्या पांचशांची वार्ता आम्हांला मोठेपणीं पुस्तकांत वाचून कळली! दगड गांवचा, देऊळ गांवचें. परंतु अक्षर परकें झालेलें.

लातुराहून अहमदपूर व लोहा या मार्गानें नांदेडकडे जातांना थोडी वांकडी वाट करून आम्हीं कंधार पाहून घेतलें. मन्याड नदीच्या खोऱ्यांतलें हें गांव एके काळीं राष्ट्रकूटांचें मोठें नगर होतें. तिसरा कृष्ण (इ. स. ९३९ ते ९६७) याच्या वेळचा एक भग्न संस्कृत लेख येथें सांपडला असून त्यावरून नगरांतील मंदिरांची व धर्मादाय व्यवस्थेची पुष्कळ माहिती मिळते. 'जगत्तुंग' हें राष्ट्रकूटांचें नांव धारण करणारा तलाव आजहि गांवाजवळ पाण्यानें भरलेला दिसतो. किल्ल्याच्या खंदकाकांठीं उभ्या उभ्या आत्याबाईंनीं विचारलें, "एवढें कोरून ठेवलें, तें कोणी वाचावें म्हणूनच ना?" प्रश्न साधा होता, पण योग्य होता. शिलालेख ही मुळीं उघडी वस्तु. राजानें दान दिलें, तें सर्वांनीं पाहावें व पुढच्यांनीं पाळावें, याकरितां तो देवळाच्या भिंतींत वा चावडीपुढें उभा करावयाचा. त्याला कुलूप घातलें तें काळानें. राज्यें पालटलीं, बोली पालटली, अक्षरांचें वळण पालटलें, आणि उघडा लेख मुका झाला. नांदेड जिल्ह्यांतील अशा लेखांचा संग्रह श्रीनिवास रित्ती व शेळके यांनीं १९६८ सालीं प्रसिद्ध केला. त्यांत कानडी लेखांची संख्या मोठी आहे, हें पाहून आजच्या मराठी वाचकास नवल वाटल्याखेरीज राहत नाहीं. आपण ज्या ओट्यावर बसून मराठी बोलतों, त्याच्या पायांतले दगड कानडी बोलत आहेत.

नांदेडास आम्हीं गोदास्नान केलें. शीखांचे दहावे गुरु श्रीगोविंदसिंग यांनीं १७०८ सालीं याच नगरींत देह ठेविला. पुढें एकोणिसाव्या शतकांत महाराजा रणजितसिंगांनीं तेथें सचखंड श्रीहुजूर साहिबाची वास्तु उभारविली. गोदेच्या कांठीं गुरुमुखी अक्षरें व पंजाबी बोल नित्य कानावर येतात, याचें आम्हां मराठवाड्याच्या लोकांस आतां नवल राहिलें नाहीं. परंतु याच्या उलट एक गोष्ट फार थोड्यांना ठाऊक असते. मराठी ही धर्मभाषा मानणारा, मराठी पोथ्यांचें पठण करणारा एक पंथ याच मुलखांतून निघून पंजाबांत पोंचला. तेथें त्यास 'जयकृष्णी' म्हणतात, आणि त्याचे मठ एके काळीं थेट काबूलपर्यंत होते. तो पंथ म्हणजे महानुभाव. आमची पुढची वाट त्याच पंथाच्या एका परमपवित्र स्थानाकडे जात होती. मात्र घरून निघतांना तो विचार आमच्या मनांत नव्हता.

नांदेडच्या प्राचीनत्वाचा एक पुरावा येथेंच सांगितला पाहिजे. कारण त्याच्या निमित्तानें ज्या गृहस्थांचें नांव घ्यावयाचें, ते या लेखाचे खरे नायक होत. वाशीम येथें वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ति याचा एक ताम्रपट सांपडला व तो १९३९ सालीं विद्वानांपुढें आला. चवथ्या शतकांतल्या या पटांत 'नान्दीकड' प्रदेशाच्या उत्तर मार्गावरील एका गांवाचें दान सांगितलें आहे. हें नान्दीकड म्हणजे नांदेड. हा ताम्रपट वाचून प्रसिद्ध करणाऱ्यांत यवतमाळचे यशवंत खुशाल देशपांडे हे एक होते. पेशा वकिलीचा, परंतु चित्त जुन्या पोथ्यांवर. यवतमाळांत 'शारदाश्रम' नांवाची संशोधन-संस्था त्यांनीं उभारली आणि हस्तलिखितांचा संग्रह जमविला. पैनगंगेच्या अलीकडे माहूर, पलीकडे यवतमाळचा मुलूख; म्हणजे महानुभावांचें माहेर त्यांच्या अंगणांतच होतें म्हणावयाचें. ब्राह्मी अक्षरांतला ताम्रपट आणि गुप्त लिपींतल्या महानुभाव पोथ्या, हे दोन्ही विषय एकाच माणसानें हातीं घ्यावे, हा योग सामान्य नव्हे.

नांदेडाहून भोकर, हिमायतनगर, किनवट असा रस्ता आहे. किनवट मागें पडलें कीं सागाचें जंगल दाट होतें, रस्ता वळणें घेऊं लागतो, आणि मग डोंगरांची ती रांग दिसूं लागते. माहूरचीं तीन शिखरें : एकावर रेणुकामाता, दुसऱ्यावर दत्तप्रभु, तिसऱ्यावर अनसूया. महाराष्ट्रांतील साडेतीन शक्तिपीठांपैकीं एक पूर्ण पीठ तें हें. आम्हीं यथासांग ओटी भरली, कुटलेल्या विड्याचा प्रसाद घेतला, दत्तशिखरावर जाऊन आलों. दुसऱ्या दिवशीं सकाळीं परतावयाचें, एवढ्यांत आत्याबाईंनीं विचारलें, "खालीं तें देवदेवेश्वराचें मंदिर आहे ना? इतक्या वेळां माहूरला आलें, पण तेथें आपल्या घरचें कोणी गेलेलें आठवत नाहीं. कां बरें?"

या 'कां'चें उत्तर देण्यास मला मोठी लाज वाटली. देवदेवेश्वर हें महानुभावांचें स्थान. श्रीदत्तात्रेयांचें निद्रास्थान म्हणून तें पंथास पूज्य. त्यांच्या पंचकृष्णांपैकीं फलटणचे श्रीचक्रपाणि यांस याच माहुरांत दत्तात्रेयांनीं वाघाच्या रूपानें दर्शन देऊन मस्तकीं पंजा ठेविला, अशी कथा आहे. आपल्या घरांतून दत्ताची उपासना चालते, दत्तजयंति साजरी होते. मग त्याच दत्ताचें हें दार आपण कां वर्ज्य करावें? खरें कारण असें कीं, या पंथानें जातिभेद व कर्मकांड यांस मान दिला नाहीं. म्हणून आपल्या वाडवडिलांनीं त्यास मान दिला नाहीं. इतकेंच नव्हे, तर 'महानुभाव' या थोर अर्थाच्या शब्दाचा 'मानभाव' झाला आणि त्यापासून 'मानभावी' हें ढोंगी माणसाचें विशेषण आपण बनविलें. आजहि आपल्या मुलांबाळांच्या तोंडीं तें बसलेलें आहे. हा शब्द कोठून आला हें कळल्यावर तो उच्चारतांना जीभ अडखळावी.

आम्ही देवदेवेश्वरास गेलों. दर्शन झाल्यावर एक वृद्ध साधु भेटले. त्यांनीं "दंडवत, माय," म्हणून आत्याबाईंना बसावयास घोंगडी घातली. बोलतां बोलतां पोथ्यांचा विषय निघाला, तेव्हां ते आंतून फडक्यांत गुंडाळलेली एक हस्तलिखित पोथी घेऊन आले. मीं उत्सुकतेनें पाहिलें. अक्षर ठसठशीत, शाई काळीभोर. कांहीं अक्षरें अगदीं आपल्या बाळबोधांतलीं. परंतु वाचूं जावें तों एकहि शब्द होईना! साधुमहाराज हंसून म्हणाले, "ही सकळ लिपि."

या लिपीची हकीकत मोठी विलक्षण आहे. तेराव्या शतकांत श्रीचक्रधरस्वामींनीं हा पंथ स्थापिला. त्यांचा उपदेश रोजच्या मराठी बोलींत होई. त्यांच्या आठवणी म्हाइंभटांनीं गांवोगांव हिंडून, ज्यानें जें ऐकलें तें त्याच्याच तोंडून विचारून जमविल्या. तो 'लीळाचरित्र' ग्रंथ मराठींतील आद्य गद्य समजला जातो. चक्रधरांमागें पंथाचें आचार्यपद नागदेवाचार्यांकडे आलें. त्यांचे एक विद्वान शिष्य केशोबास यांना संस्कृतांत ग्रंथ लिहावयाची हौस होती. आचार्यांनीं त्यांस निवारलें. कारण सांगितलें तें असें कीं, त्यायोगें माझ्या म्हाताऱ्या बाया नागविल्या जातील. संस्कृत ज्यांना येत नाहीं त्या भोळ्या वृद्ध स्त्रिया धर्माला मुकूं नयेत, यासाठीं ग्रंथ मराठींत!

आणि याच पंथानें पुढें आपले मराठी ग्रंथ गुप्त लिपींत बंद केले. चौदाव्या शतकाच्या सुमारास सकळ लिपि प्रचारांत आली. माहूरच्याच डोंगराचें वर्णन ज्यांत आहे त्या 'सह्याद्रिवर्णन' काव्याचे कर्ते रवळोबास हे तिचे जनक, अशी परंपरा आहे. येथें सह्याद्रि म्हणजे माहूरचीच रांग समजावयाची. सकळेशिवाय सुंदरी, पारमांडल्य, अंक, शून्य, सुभद्रा अशा आणखी कितीतरी लिपि निघाल्या. परंतु सर्वांत अधिक पोथ्या सकळेंतल्या. पंथाचें ज्ञान अनधिकाऱ्याच्या हातीं पडूं नये, हा हेतु तर होताच. शिवाय काळ परचक्राचा होता आणि भोवतालचा समाज अनुकूल नव्हता. हेमाद्रि पंडितानें स्वामींचा छळ केल्याचें वर्णन पंथाच्या ग्रंथांतच आहे. ज्याला शेजाऱ्याची भीति वाटते तो दाराला अडसर घालतो. त्यांत अडसराचाच सगळा दोष कसा म्हणावा?

या अडसराची रचना मूळांत साधी आहे. एका अक्षराच्या जागीं दुसरें अक्षर किंवा निराळें चिन्ह योजावयाचें. भाषा तीच, शब्द तेच, फक्त अक्षरांचीं नांवें बदललेलीं. वर्गांतील सर्व मुलांनीं आपसांत नांवें बदलून घ्यावीं, म्हणजे हजेरी घेणाऱ्या नव्या गुरुजींची जी गत होईल, तीच परक्या वाचकाची. ज्याला किल्ली मिळाली त्याला कांहीं दिवसांत सरावानें घडघडां वाचतां येतें. ज्याला ती मिळाली नाहीं, त्याच्या दृष्टीनें पोथी म्हणजे मंत्रतंत्राचें बाड. लोकांत तसा समज होताहि. आणि प्रत्यक्षांत आंत होतें काय, तर आपलीच सातशें वर्षांपूर्वींची घरगुती मराठी.

हें दार विसाव्या शतकाच्या आरंभीं उघडलें. इतिहासाचार्य विश्वनाथ काशीनाथ राजवाडे यांनीं १९१० च्या सुमारास या लिपीची उकल करून ती महाराष्ट्रापुढें मांडली. त्याच वर्षीं पुण्यास भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना झाली, हें लक्षांत घेतलें म्हणजे त्या काळच्या ज्ञानलालसेची कल्पना येते. ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयाचे एक संस्थापक विनायक लक्ष्मण भावे यांनीं 'महाराष्ट्र सारस्वता'च्या १९१९ च्या आवृत्तींत महानुभाव वाङ्मयाला भरघोस स्थान दिलें. देशपांड्यांचें 'महानुभावीय मराठी वाङ्मय' १९२५ सालीं आलें. नागपूरच्या हरि नारायण नेने यांनीं लीळाचरित्र छापून काढलें आणि पुढें डॉ. विष्णु भिकाजी कोलते यांनीं त्याची संपादित आवृत्ति १९७८ सालीं सिद्ध केली. इंग्लंडचे रेसाइड नांवाचे एक पंडित मराठी शिकून या पोथ्यांच्या याद्या करीत बसले व १९७० सालीं त्यांनीं सकळ लिपीवर स्वतंत्र निबंध लिहिला.

या सर्वांच्या बुद्धीची थोरवी मोठीच. परंतु केवळ बुद्धीनें हें काम झालें असतें असें मला वाटत नाहीं. पोथी पाहावयास तरी मिळाली पाहिजे! ती मठांत, महंतांच्या पूजेंत. सहाशें वर्षें जपलेली वस्तु कोणी ब्राह्मण वकील वा पंडित दारीं येऊन मागतो आणि महंत ती त्याच्यापुढें ठेवितो, यांत देणाऱ्याचा मोठेपणा घेणाऱ्याहून तिळभरहि उणा नाहीं. घेणाऱ्यालाहि आपल्या घरचा जुना तुच्छभाव उंबऱ्याबाहेर ठेवून जावें लागलें असेल.

आंतून निघालें तें धन थोडें नव्हे. ज्ञानेश्वरीचा पाठ अपपाठांनीं भरल्यामुळें शके १५०६ मध्यें एकनाथमहाराजांस शुद्ध करावा लागला; महानुभाव ग्रंथ मात्र मूठभरांच्या हातीं, जपून नकलले गेल्यामुळें त्यांत यादवकालीन मराठीचीं रूपें पुष्कळ टिकून राहिलीं. महदंबेचे धवळे बाहेर आले, आणि मराठीची आद्य कवयित्री एक तेराव्या शतकांतली विधवा स्त्री होती, हें आम्हांस कळलें. तिच्यावर आवर्जून ग्रंथ लिहिणारेहि हेच यवतमाळचे देशपांडे. ज्या रिद्धपुरीं महदंबेनें तीं लग्नगीतें रचलीं, तेथेंच आतां शासनाचें मराठी भाषा विद्यापीठ झालें आहे. आणि २०२४ सालीं मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, त्या दाव्याला बळकटी देणाऱ्या प्राचीन ग्रंथांत लीळाचरित्राचें स्थान मोठें आहे. ज्यांना आपण 'मानभावी' म्हटलें, त्यांच्या पोथ्यांचा आधार आज आपल्याच मायबोलीला झाला!

साधुमहाराजांनीं चष्मा सांवरून पोथींतली एक लीळा वाचावयास घेतली. कागदावर तीं अनोळखी अक्षरें, आणि कानावर मात्र सरळ मराठी. 'म्हणितलें' असें एखादें जुनें रूप येई. पण अर्थ अडत नव्हता. आत्याबाई हात जोडून ऐकत होत्या. मध्येंच त्या म्हणाल्या, "अरे, हें तर सगळें कळतें मला!" मला चटकन् नागदेवाचार्यांच्या त्या म्हाताऱ्या बाया आठवल्या. सातशें वर्षांनीं त्यांच्यापैकींच एक माझ्या शेजारीं बसली होती.

मीं महाराजांना विचारलें, "ही लिपि आतां शिकतात का कोणी?" ते म्हणाले, "पंथांत शिकतात थोडे. बाहेरचा कोणी विचारील तर त्यालाहि सांगतों. पण विचारावयास येतो कोण?"

परततांना किनवटच्या रस्त्यावर बराच वेळ आत्याबाई गप्प होत्या. मग खिडकीबाहेर पाहत त्या म्हणाल्या, "त्या पेटींतले कागद रद्दींत नको रे देऊं. तात्यांनीं मला मोडी शिकविली होती. शेताचे हिशेब मीच लिहीत असें लग्नापूर्वीं. आतां हात बसलेला नाहीं, पण डोळ्यांना ओळखेल."

मी थक्क झालों. "आत्याबाई, अहो, मग त्या दिवशीं कां नाहीं बोललांत?"

"मला कोणी विचारलें कोठें?"

या उत्तरावर मला बोलावयास तोंड राहिलें नाहीं. महानुभावांनीं आपली लिपि जाणूनबुजून गुप्त केली. त्यांना तशीं कारणेंहि होतीं. मोडीला कोणी गुप्त केलें? विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत जी लिपि घरोघर, चावडींत, पेढीवर लिहिली जात होती, ती शाळांतून गेली आणि दोन पिढ्यांत आम्हांला सकळ लिपीइतकीच अगम्य झाली. सकळेची किल्ली शोधण्यासाठीं थोर माणसें मठोमठीं हिंडलीं. आमची किल्ली तर घरांतच, देवघराशेजारीं वाती वळीत बसली होती, आणि आम्हीं चार पदवीधर माळ्याखालीं उभे राहून रद्दीचा भाव करीत होतों.

गोंधळ पार पडल्यावर दुसऱ्याच दिवशीं पेटी खालीं आली. पहिला कागद उलगडून आत्याबाईंनीं तो डोळ्यांजवळ धरला. बराच वेळ लागला. मग त्यांचें बोट एका ओळीवर थांबलें. ती १९५१ सालच्या कापसाच्या विक्रीची नोंद होती, आणि खालीं कोपऱ्यांत अक्षर निराळें, जरा वांकडें. "हें माझें," त्या म्हणाल्या. ज्या पुतण्याची मुंज झाली, तो सध्यां रोज संध्याकाळीं परवचा झाल्यावर पाटी घेऊन त्यांच्यापुढें बसतो.